पीठ मळायचे नाही

११ जानेवारी २००५, सकाळी नऊ
ही डायरी बियाण्यांच्या दुकानदाराने दिली. दर वर्षी देतो आणि दर वर्षी मी तिच्यात म्हशीच्या गाभण राहण्याच्या तारखा लिहितो. यंदा मनातलं लिहायचं ठरवलं आहे. घरात दुसरं माणूस नाही. मनातलं मनातच राहतं आणि मग पोटात गॅस धरतो.
माझी बायको सारजा दौंडला लेकीकडे गेली आहे. आठ दिवसांसाठी. गुडघा दुखतो म्हणाली. जाऊन आज तेवीस दिवस झाले. गुडघ्याला वेळ लागतो.
मी मजेत आहे. शेजारची धुरपदा दोन्ही वेळच्या भाकरी पाठवते.
संकल्प: टेन्शन घ्यायचं नाही.

त्याच दिवशी, दुपारी
शेगडीचा गॅस बंद आहे का ते चार वेळा पाहून आलो. बंदच होता. पण चौथ्या वेळी पाहताना मीच चालू केला असावा अशी शंका आली. पाचव्यांदा गेलो.

१४ जानेवारी, संक्रांत
गल्लीतल्या बायका वाण घेऊन आल्या आणि दारातच उभ्या राहिल्या. सारजाबाई कधी येणार म्हणून विचारत होत्या. गुडघा, म्हणालो. तेव्हा धुरपदा सगळ्यांच्या देखत म्हणाली की तिच्या भाच्याने परवाच सारजाला दौंड स्टेशनचा पूल चढताना पाहिलं. दोन्ही हातांत पिशव्या होत्या आणि चाल तरण्या बाईसारखी.
पूल चढताना गुडघा बराच असतो. उतरताना दुखतो. धुरपदाला यातलं काय कळतंय.
तिळगूळ विकतचा खाल्ला. दात दुखतो आहे.

१६ जानेवारी, रविवार
दौंडला फोन लावला. अनुपमाने, म्हणजे लेकीने घेतला. आई मडमकडे गेली आहे म्हणाली. मागच्या रविवारीही मडमकडेच होती.
ही मडम म्हणजे रेल्वे कॉलनीत अनुपमाच्या शेजारी राहणारी गोरी म्हातारी. शाळेत मास्तरीण होती. तिने मागच्या दिवाळीत सारजाला फ्रूट स्कोन करायला शिकवलं. स्कोन म्हणजे जाड गोल वस्तू, आत बेदाणे. पाव नव्हे, बिस्किटही नव्हे. सारजाला ते इतकं आवडलं की मडमने आपला जुना गोल ओव्हन तिला देऊन टाकला. ॲल्युमिनियमचा, झाकणाला काच असलेला.
लोक काही म्हणोत, म्हणून खरं काय झालं ते इथे लिहून ठेवतो. डिसेंबरात म्हैस व्यायली. गोठ्यात बल्बला वायर कमी पडत होती. मी ओव्हनची वायर कापून तिथे जोडली. वायर म्हणजे वायर. त्या दिवशी बचत गटाच्या पंधरा बायका स्कोन खायला यायच्या होत्या आणि पीठ तयार होतं, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. सांगितलं असेल तर मला ऐकू आलं नव्हतं. ऐकू आलं असेल तर म्हैस जास्त महत्त्वाची होती.
सारजाने बायकांना चहा दिला. दुसऱ्या दिवशी तिचा गुडघा दुखायला लागला.

१८ जानेवारी
फडताळात साखर शोधताना सारजाची वही सापडली. ती चौथी शिकली आहे, मी सातवी. तिने लिहिलं आहे: मैदा दोन वाट्या. लोणी अर्धी वाटी, गार. साखर पाव वाटी. बेकिंग पावडर दोन चमचे. बेदाणे मूठभर. दूध लागेल तसं. भट्टी आधी तापवायची. आणि खाली दोन रेघा ओढून: पीठ मळायचे नाही.
इथे तिची चूक झाली आहे. पीठ मळल्याशिवाय जगात काही होत नाही. चाळीस वर्षं तिला भाकरीचं पीठ तळहाताने रगडताना मी पाहतो आहे. मी पेनने दुरुस्ती केली: पीठ चांगले मळावे.
मनात एक विचार आला आहे. आपणच स्कोन करून दौंडला न्यावेत. कारण काही नाही. सहज. प्रकृतीची चौकशी करायला रिकाम्या हाताने जाणं बरं दिसत नाही.
आठ दिवसांत तयार होतील. विशेष काही नाही त्यात.

२० जानेवारी
ओव्हनला वायर नाही, म्हणून कढईत वाळू घालून वर ताटली ठेवली. वाळू आमच्या मुलाच्या, सत्यजीतच्या खोलीच्या बांधकामातली उरलेली. चाळून घेतली, आत विंचू असेल म्हणून दोनदा. पीठ अर्धा तास मळलं. घाम आला. पीठ चामड्यासारखं तुकतुकीत झालं, इतकं सुंदर पीठ मी पाहिलं नव्हतं. दहा गोल केले. पाऊण तास भाजले.
हौसराव आला होता. हौसराव म्हणजे सोसायटीत माझ्याबरोबर वीस वर्षं संचालक होता, आता आमच्या ओट्यावर बसतो. त्याला एक दिला. त्याने तो गालात ठेवला आणि कारखान्याच्या निवडणुकीवर तासभर बोलला. जाताना बाहेर काढून बघितला. आकार तोच होता. म्हणाला, बापू, सुपारीला हे बरंय, रंगत नाय.
वाळू खराब असावी.

२३ जानेवारी, रविवार
सत्यजीत सणसवाडीहून आला. कंपनीत आहे, तिथेच भाड्याने राहतो, सून पण नोकरी करते. दहातले आठ स्कोन खिडकीत ठेवले होते. त्याने विचारलं, दार आपटू नये म्हणून लावायला आणलेत का हे.
मग म्हणाला की आई रागावली आहे, गुडघ्याचं काही नाही, मी दौंडला जाऊन वायरचं सॉरी म्हणावं. आम्ही सात एकर बागायत केली, सोसायटी चालवली, दोन मुलांची लग्नं केली. आमच्यात सॉरी म्हणायची पद्धत नाही. स्कोन करायचीही नव्हती, पण ती सुरू करता येते.
त्याला म्हणालो, गुडघ्याला थंडी बाधते. थंडी संपली की येईल.

२७ जानेवारी
बेकिंग पावडर संपली आहे. दुकानात मिळते, पण दुकानदार विचारणार, बापूसाहेब, बेकिंग पावडर कशाला. फडताळात पापडखार होता. फुगवायचं काम त्याचंच. दोन चमचे घातला.
या खेपेला गोळे फुगले. पापडासारखे, वरच्या वर. आत पिवळं. चव लाइफबॉयची. जिभेवर अजून काहीतरी आहे. आरशात पाहिली. पिवळी दिसते. कावीळ असू शकेल.

२८ जानेवारी
कावीळ नाही. डॉक्टर म्हणाले, जीभ घासा.

३० जानेवारी, रविवार
आज सारजा स्वतः फोनवर आली. बेचाळीस दिवसांनी.
म्हैस कशी आहे विचारलं. तुळशीला पाणी कोण घालतं विचारलं. गोठ्यातला बल्ब लागतो का, असं विचारलं नाही. मीही काढलं नाही. मग म्हणाली, “तुमच्या खाण्यापिण्याची तेवढी काळजी लागती बघा. न्हाईतर हितं माझं बरं चाललंय.”
मागून मडम काहीतरी म्हणाली आणि दोघी हसल्या. सारजा फोनवर कधी हसत नाही. लाइनमध्ये बिघाड असावा.
काळजी लागते म्हणाली. म्हणजे मन इकडेच आहे. आता एवढंच करायचं: घर असं ठेवायचं की तिला यायला काही अडचण वाटू नये. बाईमाणूस पसारा पडलेल्या घरात यायला कचरतं. संकल्प: भांडी रोज घासायची. ओटा पुसायचा. तुळस. सगळं टापटीप.

३ फेब्रुवारी
धुरपदाची सून म्हणाली म्हणे, की दुसऱ्याच्या म्हाताऱ्याच्या भाकरी किती दिवस थापायच्या. धुरपदाने मला हे हसत हसत सांगितलं. म्हणाली, भावजी, तुम्ही तर इंग्रजी पदार्थ करता, भाकरीचं काय एवढं.
काही नाही भाकरीचं. केली. परातीत थापली तेव्हा गोल होती. उचलली तेव्हा शिरूर तालुक्याच्या नकाशासारखी झाली. तव्यावर टाकली तेव्हा घोडनदी वेगळी झाली.
दूध पिऊन झोपलो. बिनजेवणाने माणूस किती दिवस जगतो ते हौसरावला विचारलं पाहिजे.

६ फेब्रुवारी, रविवार
भाकरी आज एकसंध. कडेला जळली, मध्ये कच्ची, बाकी उत्तम.
लुगडी धुवायची नसल्यामुळे कपडे कमी पडतात. दोरीवर माझीच दोन धोतरं. लांबून घर सोडल्यासारखं दिसतं. म्हणून सारजाचं एक जुनं लुगडंही धुवून वाळत घातलं. धुरपदाने विचारलं, सारजाबाई आल्या का. आत गेलो.

८ फेब्रुवारी
कढई बंद. आता ओव्हनच. गोठ्यातली वायर काढून पुन्हा ओव्हनला जोडली. मोटारीच्या स्टार्टरची जोडणी मी पन्नास वेळा केली आहे, हे म्हणजे खेळणं. म्हशीला कंदील लावला.
बेकिंग पावडरही आणली. दुकानदाराला सांगितलं, फवारणीसाठी. तो म्हणाला, कशावर. कांद्यावर, म्हणालो. आता तो चार जणांना सांगेल आणि चार जण कांद्यावर बेकिंग पावडर मारतील. त्याचं टेन्शन आलं आहे.

९ फेब्रुवारी, सकाळी आठ
पीठ पाऊण तास मळून बारा गोल ओव्हनमध्ये ठेवले. बटण दाबलं. गरम होतो आहे. काचेतून दिसतात. सारजा असती तर म्हणाली असती...
साडेआठला लाइट गेली. लोडशेडिंग. दोनला येईल. बटण तसंच चालू ठेवलं आहे. मळ्यातल्या मोटारीला आपण तसंच करतो, ऑटोवर. लाइट आली की मोटार आपोआप पाणी ओढते, माणूस लागत नाही. दोनला लाइट येईल, पाऊण तासात स्कोन होतील, तोवर मी हौसरावकडे जाऊन येतो.

९ फेब्रुवारी, संध्याकाळी
डाव्या हाताने लिहितो, उजवा भाजला आहे. म्हणून अक्षर असं.
आज लाइट साडेबाराला आली. सरकारचा कशातच भरवसा नाही. मी अडीचला हौसरावच्या ओट्यावर असताना धुरपदा ओरडत आली की स्वयंपाकघरातून धूर निघतोय. पळालो. झाकण हाताने उचललं. फडकं बाजूलाच होतं, पण त्या वेळी आठवत नाही. आत बारा काळे गोल, नीट ओळीत.
धुरपदाने हातावर कोरफड लावली. लावताना म्हणाली, “भावजी, एवढा जाळ करण्यापेक्षा एक यष्टी पकडा आन् जाऊन आणा तिला.”
मी म्हणालो, तिचा गुडघा बरा नाही. तिने हात बांधताना गाठ जरा जोरात मारली.

१२ फेब्रुवारी
तीन दिवस दूधभात. हात ठसठसतो. धनुर्वाताचं इंजेक्शन घेतलं. डॉक्टर म्हणाले गरज नाही, तरी घेतलं.
हौसराव म्हणाला, दौंडला सारजाबाई आणि मडम मिळून रविवारच्या चर्चच्या चहाला आणि रेल्वेच्या क्लबात स्कोन देतात, त्याच्या मेव्हण्याने खाल्ले. ऊन ऊन असताना मधोमध फोडले तर वाफ येते म्हणे. हौसरावला कोणीही काहीही सांगतं.

१५ फेब्रुवारी
लिहायलाच पाहिजे. झाले.
उजव्या हाताला पट्टी. मळता येईना. डाव्या हाताच्या बोटांनीच मैद्यात लोणी चुरलं, दूध ओतलं, कसंबसं गोळा केलं. भरभरीत, चिरा पडलेलं पीठ. बघवेना. तरी जाडसर थापून वाटीने गोल कापले. लाइटच्या वेळा फळीवर खडूने लिहून ठेवल्या आहेत, त्या पाहून ओव्हन लावला आणि समोर स्टूल घेऊन बसलो. उठलो नाही. फोन वाजला तरी नाही.
वर आले. एका बाजूला कलले, पण वर आले. एक फोडला. वाफ आली. आत मऊ, बेदाणे ओले. मी उभ्यानेच खाल्ला. मग बसून दुसरा.
सारजाच्या वहीत माझी दुरुस्ती खोडली. मूळ पद्धत मला पहिल्यापासून बरोबर वाटत होतीच.

२० फेब्रुवारी, रविवार
सत्यजीतला दिले. तीन खाल्ले. माझ्या हाताकडे बघत होता. पुन्हा म्हणाला, आबा, तोंडाने सांगा तिला, नुसता डबा नेऊ नका. त्याला संसाराचा अनुभव कमी आहे. डबा उघडला की सगळं सांगून होतं.
पट्टी निघाली. भाकरी पुन्हा सुरू. चांगल्या होतात. आता पाणी किती, हे हाताला कळतं.

२४ फेब्रुवारी
उद्या जायचं. अनुपमाला फोनवर एवढंच सांगितलं की तब्येत विचारायला येतोय.
ओटा खडूसारखा पांढरा घासला आहे. तुळशीभोवती सारवलं. अंथरुणं उन्हात टाकली. पाट, चाळणी, परात, सगळं ती ठेवते त्या जागी. सोळा स्कोन स्टीलच्या डब्यात, खाली कागद. मोठी कापडी पिशवी घेतली आहे, येताना तिचे कपडे घालायला. जीपवाल्याला सांगून ठेवलं आहे, संध्याकाळी न्हावऱ्यावरून गावापर्यंत दोन सीट. पुढची एक तिच्यासाठी, पाय लांब करता येतो.

२५ फेब्रुवारी, संध्याकाळी सहा, न्हावरे, यष्टी स्टँड
जीप अजून आलेली नाही. जे झालं ते विसरायच्या आत लिहितो.
सारजा मडमच्या स्वयंपाकघरात होती. लुगड्यावर पुढे फडकं बांधलेलं, मडम खुर्चीत बसून बेदाणे निवडत होती. मोठा ओव्हन, त्यात दोन ताटल्या. सगळीकडे तो वास. सारजा जरा अंगाने भरली आहे. गुडघ्याचं विचारलं. कुठला, म्हणाली.
मी डबा पुढे केला. तिने एक उचलला, बोटाने दाबला, मधोमध फोडला. पूर्ण खाल्ला. एवढा वेळ मी उभाच होतो. मग म्हणाली, “मळलं न्हाई तुम्ही.”
मी म्हणालो, नाही. मग म्हणालो, “वायर परत जोडली. ओव्हनची.”
“जोडली व्हय,” म्हणाली. डोळ्यांत काहीतरी आलं असावं, कारण फडक्याने पुसलं. पण तिथे पीठही उडत होतं.
मला धीर आला. तिने विचारत जावं आणि मी सांगत जावं, असं झालं. भाकरी कोण करतं? मी. फुगते का? फुगते. भांडी? मी. तुळस? रोज, सारवलं सुद्धा. धार? मीच काढतो, लाथ मारत नाही. कपडे? मी. आजारी पडलात तर? तर धुरपदा कोरफड लावते. एकेक गोष्ट सांगताना मी ताठ होत गेलो. अनुपमा दारात उभी राहून ऐकत होती. जावई शंकरराव ड्यूटीवरून आले तेही थांबले. मडमला अनुपमाने इंग्रजीत सांगितलं, तेव्हा मडमने टाळ्या वाजवल्या.
सारजा खाली बसली. कितीतरी दिवसांनी कोणी पाठीवरचं ओझं उतरवावं, तशी बसली. म्हणाली, “माझा जीव भांड्यात पडला बघा. दोन म्हैनं एकच घोर होता, तुमचे हाल होत असतील आन् मला यावं लागंल. आता न्हाई काळजी. आता निवांत ऱ्हाते मी हितं.”
मी पिशवी काखेत धरली होती. तिने ती पाहिली. म्हणाली, पिशवी आणली ते बरं केलं, तिची राहिलेली लुगडी तिच्यातच घालून सत्यजीतबरोबर पाठवून द्यावीत. आणि चष्मा, फळीवर आहे.
चहा दिला. स्कोन दिला, तिच्या हातचा. माझ्यापेक्षा चांगला होता.
जीपवाला आला. विचारतो आहे, दुसरी सीट कोणाची.

२६ फेब्रुवारी, सकाळी
पिशवी भरली. सहा लुगडी, चष्मा, पायाला लावायचं तेल.

त्याच दिवशी, दुपारी
विचार करून ठरवलं आहे. आजपासून मला काही येत नाही. दौंडला कळलं पाहिजे की इकडे हाल चालले आहेत. धुरपदाला जेवायच्या वेळी बोलावलं, तिने डोळ्यांनी पाहावं आणि फोनवर सांगावं म्हणून. पिठात पाणी जास्त ओतलं, तर हात आपोआप पीठ घालायला गेला. भाकरी वाकडी थापली, ती परातीतच गोल झाली. ती तव्यावर जळायला टाकून मुद्दाम शेगडीकडे पाठ केली.
धुरपदा म्हणाली, भावजी, बघा तरी.
वळून पाहिलं. टम्म फुगली होती.